ऐकून घेणारी दिग्दर्शिका

नांदेड असो वा लातूर, नव्वदच्या दशकात ज्या घरी दूरदर्शन संच होता, त्या घराला रेणुका शहाणे हे नाव परके नव्हते. सिद्धार्थ काक यांच्यासमवेत ‘सुरभि’ सादर करणारी ही हसतमुख युवती प्रेक्षकांची पत्रे वाची, त्यांच्या कुतूहलाला उत्तर देई. ‘सर्कस’ ही मालिका आणि १९९४चा ‘हम आपके हैं कौन’ यांनी तिला अभिनेत्री म्हणून मान्यता दिली. परंतु तिच्या कलाजीवनाचे खरे मोल पाहावयाचे तर तिने दिग्दर्शित केलेल्या दोन चित्रपटांकडे वळावे लागते.

पहिला, ‘रीटा’ (२००९). आई शांता गोखले यांच्या ‘रीटा वेलिणकर’ या कादंबरीवर तो आधारलेला आहे. आईबाप आणि धाकट्या बहिणी यांचा भार वाहता वाहता विवाहित पुरुषाच्या प्रेमात अडकलेली आणि अखेर मनाने कोसळलेली रीटा पल्लवी जोशी यांनी साकारली. साळवीच्या भूमिकेत जॅकी श्रॉफ आहेत. रीटाचे सारे ऐकून घेणारी मैत्रीण सरस्वती ही भूमिका दिग्दर्शिकेने स्वतःकडे ठेवली, ही निवड अर्थपूर्ण वाटते. सरस्वती उपदेश करीत नाही, की दोषही देत नाही. चित्रपटही रीटाच्या वर्तनावर निवाडा देत नाही. तिच्यावर ओझे कोणी लादले, एवढेच तो विचारतो.

दुसऱ्या चित्रपटाला बारा वर्षे लागली. २०२१च्या जानेवारीत नेटफ्लिक्सवर आलेला ‘त्रिभंग’ हा हिंदी चित्रपट एकाच घरातील तीन पिढ्यांचा आहे. नयन (तन्वी आझमी) नामांकित लेखिका. तिची मुलगी अनू (काजोल) ओडिसी नर्तिका व अभिनेत्री. आणि नात माशा (मिथिला पालकर). नयन लेखनात गढलेली असताना तिच्याच घरात अनूवर अत्याचार होत होता आणि आईला त्याची जाणीव झाली नाही. ही जखम अनू आयुष्यभर वाहते. आई रुग्णालयात बेशुद्ध पडल्यावर मात्र चरित्रलेखक मिलनकडून तिला आईची बाजू कळते. परक्याने जे ऐकून घेतले, ते लेकीला ऐकता आले नव्हते! पुढे माशाही आपले बालपणीचे शल्य बोलून दाखवते, तेव्हा आरोप करणारी अनू स्वतःच आरोपी होते. चित्रपटाचे सामर्थ्य या उलटापालटीत आहे.

उणिवाही आहेत. मिलनच्या योजनेमुळे पात्रे पुष्कळदा आपले मन शब्दांत उलगडून सांगतात. जिथे मौन बोलले असते तिथे संवाद येतो. अनूचा संताप काही प्रसंगी अतिरेकी भासतो. शिवाय हे विश्व महानगरी, सुस्थित आणि कलावंतांचे आहे.

मग मराठवाड्यातील कुटुंबाने त्यात काय पाहावे? आपल्याकडे ‘लातूर पॅटर्न’चे आकर्षण मोठे. दहावी होताच मुले-मुली शिकवणीसाठी परगावी खोली घेऊन राहतात. आईवडील पोटाला चिमटा घेऊन पैसे धाडतात, दूरध्वनीवरून गुण विचारतात. त्यांच्या मायेत खोट नसते. नयनच्याही मायेत नव्हती. पण गुणांची चौकशी संपल्यावर लेकराला आणखी काही सांगावयाचे होते का, हे विचारावयाचे राहून जाते. घर मुंबईतले असो वा औसा रस्त्यावरचे, न ऐकलेले शब्द पुढच्या पिढीच्या वाट्याला जातात.

एकेकाळी अनोळखी प्रेक्षकांची पत्रे वाचणाऱ्या या कलावतीने दिग्दर्शिका म्हणून घरातल्याच माणसांच्या न लिहिलेल्या पत्रांकडे लक्ष वेधले आहे. चित्रपट दोन, पण आस्था एकच. ‘त्रिभंग’ आईवडिलांनी मोठ्या मुलांसोबत पाहावा आणि पाहून झाल्यावर आधी मुलांना बोलू द्यावे.