एका ‘म्हणून’ची तपासणी: साठेखत, स्टे आणि २०२० चा एक निकाल

आज विज्ञानातला पेपर नाही, सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल वाचायला घेतलाय. शहराच्या कडेच्या जमिनींचा वापर कसा बदलतो, हा माझ्या पीएचडीचा विषय. उपग्रहाच्या चित्रांत चहूबाजूंनी इमारती उभ्या राहतात आणि मधलाच एखादा तुकडा वर्षानुवर्षं मोकळा दिसतो. गावात विचारलं की उत्तर येतं, "त्यावर स्टे आहे." तो स्टे म्हणजे नेमकं काय, हे शोधताना या निकालापर्यंत पोचलो.

प्रकरण साधारण असं असतं. साठेखत होतं, इसार दिला जातो आणि मग मालक खरेदीखत करून द्यायला नकार देतो. घेणारा करारपूर्तीचा दावा लावतो. दाव्याचा निकाल लागेपर्यंत मालकाने जमीन तिसऱ्याला विकू नये, म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली तो तात्पुरता मनाई हुकूम मागतो. न्यायालय तीन गोष्टी पाहतं: प्रथमदर्शनी बाजू आहे का, सोयीचं पारडं कुणाकडे झुकतं आणि नुकसान पैशाने भरून न येणारं आहे का. हुकूम दिला तर मालकाची जमीन अडकते, नाकारला तर ती हातची जाईल अशी भीती घेणाऱ्याला. (मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचं कलम ५२ घेणाऱ्याला थोडं संरक्षण देतं, पण आपल्याकडे १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे त्यासाठी दाव्याची नोटीस नोंदवावी लागते. हे पुष्कळांना ठाऊकच नसतं.)

आता निकालाकडे. अंबालाल साराभाई एंटरप्राइज विरुद्ध के. एस. इन्फ्रास्पेस, जानेवारी २०२०. बडोद्याची जमीन, बोलणी ईमेल आणि व्हॉट्सअ‍ॅपवर, करार पक्का झाला की नाही यावरच वाद. खालच्या न्यायालयांनी दिलेली मनाई सर्वोच्च न्यायालयाने उठवली. शेवट मला पटतो. करार झालाय का हेच ठरायचं असताना जमीन अडकवून ठेवणं मालकावर फार जड आहे. खटकतो तो तिथवर पोचण्याचा एक टप्पा. न्यायालयाचं म्हणणं थोडक्यात असं: करारपूर्ती देणं हेच मुळात न्यायालयाच्या विवेकावर अवलंबून, म्हणून मनाई मागणाऱ्याने भक्कम प्रथमदर्शनी बाजू दाखवली पाहिजे, तीही वाद नसलेल्या तथ्यांवर.

त्या ‘म्हणून’वर बोट ठेवा. स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टमधली मोठी दुरुस्ती १ ऑक्टोबर २०१८ पासून लागू झाली. विवेकाधिकार देणारं जुनं कलम २० त्यात गेलं. नव्या कलम १० प्रमाणे ठरावीक अपवाद सोडले तर करारपूर्ती द्यायचीच. या खटल्यातली बोलणी दुरुस्तीआधीची, त्यामुळे इथे जुना नियम धरणं समजू शकतो. पण हे वाक्य पुढे इतर अर्जांतही उद्धृत होतं. करार २०१९ चा असेल तर त्या वाक्याचा पहिला अर्धा भागच गळून पडतो ना! मनाई हुकूम देणं आजही विवेकाधीन आहे, हे खरं. तेव्हा निष्कर्ष कदाचित टिकेलही, पण त्याला दुसरा आधार शोधावा लागेल, आणि तो कुणीतरी लिहून दाखवायला हवा.

गंमत म्हणजे त्याच दुरुस्तीने घेणाऱ्याचंही एक हत्यार काढून घेतलं. जुन्या कलम १० च्या स्पष्टीकरणात असं गृहीतक होतं की, जमिनीचा करार मोडला तर पैशाने पुरती भरपाई होत नाही. नव्या कलमात ते स्पष्टीकरण नाही. म्हणजे तिसरी कसोटी, भरून न येणारं नुकसान, आता त्याला वस्तुस्थितीवरूनच पटवून द्यावी लागणार. नुसतं "जमीन आहे साहेब" म्हणून भागायचं नाही.

‘वाद नसलेली तथ्यं’ ही अट मला सगळ्यात कच्ची वाटते. कशावर वाद आहे हे ठरवतो कोण? निम्मं तर प्रतिवादीच. त्याने कैफियतीत सहीपासून इसारापर्यंत सगळंच नाकारलं, तर वाद नसलेलं उरतं काय? प्रयोगशाळेत आपण मोजपट्टी एकाच पक्षाच्या हातात देत नाही. करारपूर्तीची आपली तयारी आणि इच्छा होती हे घेणाऱ्याने सिद्ध करावं, असं सांगणारं कलम १६ (सी) मात्र दुरुस्तीनंतरही आहे. नवा आधार तिथे सापडतो का, ते पुढच्या वेळी पाहू.