प्रभातची सावली आणि 'कुंकू'मधलं घड्याळ

लॉ कॉलेज रोडवर आज जिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे, तिथेच प्रभातचा स्टुडिओ होता. कोल्हापूर सोडून पुण्यात आल्यावर प्रभातने काढलेला पहिला चित्रपट 'अमृतमंथन', १९३४चा. त्यातला राजगुरूचा पडदाभर पसरलेला डोळा तुम्हाला ठाऊक असेलच. शांतारामबापू त्याआधी जर्मनीला जाऊन आले होते. तेव्हा प्रभातच्या पडद्यावर काळोख दिसला, की 'जर्मन प्रभाव' म्हणून आम्ही वर्षानुवर्षं मोकळे होत आलो. सांगायला सोपं, उत्तरपत्रिकेत लिहायला त्याहून सोपं.

'कुंकू' (१९३७) पाहताना हे उत्तर तोकडं पडतं. इथे राजवाडा नाही, बळी नाही. एका वयस्क विधुर वकिलाचं घर. नीरेला फसवून त्याच्याशी लग्न लावलेलं, आणि ती त्याला नवरा मानायला तयार नाही. 'अमृतमंथन'च्या मराठी आवृत्तीत राजगुरू झालेले केशवराव दातेच इथे काकासाहेब आहेत. तिथे भय अंगावर चालून येतं. इथे काकासाहेब आरशासमोर उभे राहतात, जुनं घड्याळ टिकटिकत असतं, आणि तेवढं पुरतं. पार्श्वसंगीत नाहीच, जे कानावर येतं ते त्या जगातलंच. रसशास्त्रात उद्दीपन विभाव म्हटलं की चांदणं, उपवन, कोकिळा. 'कुंकू'ने त्या यादीत घरातलं घड्याळ घातलं.

आता आमची तक्रार. तरुणपणी आम्ही पूर्णपणे नीरेच्या बाजूचे होतो. सत्तरी ओलांडल्यावर तीच टिकटिक ऐकताना जीव काकासाहेबांसाठी तुटतो. हे शैलीचं यश म्हणायचं की लबाडी? म्हाताऱ्याच्या पश्चात्तापाला चित्रपट इतकी शांतता देतो, की शेवटी तो जीव देतो तेव्हा आपण त्याच्यासाठी डोळे पुसतो आणि नीरेचा प्रश्न मागे राहतो. त्या काळच्या मुंबई इलाख्यात अशा घरातल्या बाईला कायद्याने लग्नातून सुटायची वाट नव्हती. नवरा तर वकील, त्याला हे पक्कं ठाऊक! तिची सुटका होते ती वैधव्याच्या दारातून. दाते इतकं उत्तम काम करतात, की कथेतली ही पळवाट आम्हाला कित्येक वर्षं दिसलीच नाही.

पुढच्या वेळी शेवटच्या भागात काकासाहेबांवरची नजर जरा बाजूला घ्या आणि शांता आपट्यांचा चेहरा बघा.