‘अस्थिमय’ की ‘अस्थिगत’? : एका निदानसंकेताच्या शब्दरचनेची चिकित्सा

यवतमाळ जिल्ह्यातील वऱ्हाडी बोलणारा रुग्ण डॉक्टरांपुढे ‘कानाले दडे बसले’ एवढेच सांगतो. या वाक्प्रयोगात कान बंद झाल्याची संवेदना आहे; अडथळा कोठे आहे व कशाचा आहे, याविषयी तो मौन पाळतो. रुग्णाकडून त्याहून अधिक अपेक्षाही नसते. हे मौन निदानाच्या कोष्टकात मात्र चालत नाही. तेथे प्रत्येक शब्दाला अंक जोडलेला असतो आणि अंक संदिग्ध राहू शकत नाही. परंतु अंकाशेजारचा शब्दच संदिग्ध असेल तर काय होते, हे एका उदाहरणावरून पाहण्याचा येथे विचार आहे.

उदाहरण आमच्या विभागातून पदव्युत्तर झालेल्या एका विद्यार्थिनीने पुरविले. आपल्याकडील अनेक पदवीधर आज अमेरिकन रुग्णालयांच्या नोंदींना संकेतांक देण्याचे काम करतात; तीही त्याचे शिक्षण घेत होती. मध्यकर्णाला घशाच्या वरच्या भागाशी जोडणारी जी यूस्टेशियन नलिका, तिच्या अवरोधाचा एक पोटप्रकार ‘एच ६८.११’ या संकेताखाली ‘ऑसियस ऑब्स्ट्रक्शन’ म्हणून दिला आहे. शिकवणीच्या टिपणात त्याचे मराठी ‘हाडाचा अडथळा’ असे होते. सरावाच्या नोंदीत नलिकेच्या मध्यकर्णाकडील टोकाशी मांसल पॉलिप आढळल्याचे लिहिले होते. पॉलिप हाड नव्हे, म्हणून तिने हा संकेत नाकारला. उत्तर चूक ठरले. का चूक, हे तिला कोणी सांगितले नाही.

माझ्या मते चूक तिची नव्हती, षष्ठीची होती. ‘लाकडाची पेटी’ म्हणताना लाकूड हे द्रव्य असते, ‘लाकडाची कीड’ म्हणताना तेच स्थान होते. मराठी षष्ठी दोन्ही संबंध एकाच प्रत्ययाने दाखविते आणि ‘ऑसियस’ हे विशेषणही तेच करते. हाडाने घडलेला, हाडामुळे झालेला की हाडात असलेला, हे ते सांगत नाही. संस्कृतोद्भव परिभाषेत ही पळवाट नाही. ‘अस्थिमय’ म्हटले की ‘मृण्मय’प्रमाणे द्रव्य आले, ‘अस्थिजन्य’ म्हटले की कारण आले, ‘अस्थिगत’ म्हटले की स्थान आले. भाषांतरकाराला निवड करावीच लागते, आणि निवड करताना मूळ रचनेचा दोष उघडा पडतो. परिभाषा जड झाल्याची तक्रार आपण नेहमी ऐकतो. तिचा हा उपयोग क्वचितच कोणी सांगतो.

मग मूळ अर्थ कोणता? शरीररचना पाहू. प्रौढ माणसात ही नलिका सुमारे ३६ मिलिमीटर लांब असते. कानाकडील सुमारे एकतृतीयांश भाग अस्थीचा आणि घशाकडील दोनतृतीयांश कूर्चेचा. १९७९ पासून अमेरिकेत वापरात आलेल्या नवव्या आवृत्तीच्या रूपांतरात हाच पोटप्रकार ३८१.६१ या क्रमांकाखाली होता, आणि तेथील टिपेत कोलेस्टिअटोमा, पॉलिप ‘अथवा अन्य अस्थिविकृती’ यांमुळे होणारा अवरोध असा खुलासा होता. ही टीप विलक्षण आहे. ‘अन्य’ या शब्दाने पहिल्या दोहोंनाही अस्थिविकृतींच्या पंगतीस बसविले. कोलेस्टिअटोमा हा त्वचेसारख्या पेशींचा व केराटिनाचा संचय. तो हाड झिजवितो, म्हणून ओढूनताणून त्याचे समर्थन करता येईल. मऊ पॉलिपाचे काय? द्रव्यवाचक अर्थ येथे कोसळतो. शेजारचा ३८१.६३ हा क्रमांक पाहिला की शंका उरत नाही. ‘बहिःस्थ कूर्चा-अवरोध’ या शीर्षकाखाली तेथे नलिकेवरील दाब घातला आहे. दाब कूर्चेचा बनलेला नसतो. तो कूर्चेच्या भागावर पडतो. तेव्हा दोन्ही विशेषणे स्थानवाचकच मानली पाहिजेत, आणि ‘एच ६८.११’चे मराठी ‘नलिकेच्या अस्थिभागातील अवरोध’, किंवा आटोपशीर हवे असल्यास ‘अस्थिगत अवरोध’, असे व्हावयास हवे.

१ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत दहाव्या आवृत्तीचे रूपांतर लागू झाले तेव्हा क्रमांक बदलले, शीर्षक तसेच राहिले. (कूर्चावाचक विशेषणाच्या इंग्रजी वर्णलेखनातील एका स्वराची चूकही इमानाने पुढे आली. हस्तलिखितांची वंशावळ लावणाऱ्यांना असा समान प्रमाद किती मोलाचा असतो, ते सांगावयास नको.) भर पडली ती अंकांत: सहाव्या स्थानी १ म्हणजे उजवा कान, २ डावा, ३ दोन्ही, ९ म्हणजे अनिर्दिष्ट. कान कोणता याची इतकी काळजी वाहणाऱ्या रचनेने विशेषण कशाचे, हा प्रश्न मात्र संकेतकाराच्या तर्कावर सोडला आहे.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ दहाव्या आवृत्तीत हा भेदच नाही. तेथे ‘एच ६८.१’ या एकाच संकेताखाली नलिकेचा अवरोध येतो. दाब, संकोच हे सारे त्यातच. भारतात हीच आवृत्ती प्रचारात असल्याने यवतमाळच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील कागदावर आपला प्रश्न उद्भवू नये. तो उद्भवतो दूरच्या रुग्णाच्या नोंदीवर, आणि सोडवितो येथला पदवीधर. मूळ आवृत्तीचा मोघमपणा मला अधिक प्रामाणिक वाटतो. ‘दडे बसले’ या उक्तीच्या तो जवळचाही आहे.

स्थानवाचक अर्थ स्वीकारला तरी एक अडचण राहते. अस्थी व कूर्चा जेथे मिळतात त्या सांध्याजवळच नलिका सर्वांत अरुंद असते. तेथील अवरोध अस्थिगत म्हणावा की कूर्चागत, याचे उत्तर शीर्षकाच्या कोणत्याही वाचनातून मिळत नाही. त्या विद्यार्थिनीने मला पुढे हाच प्रश्न विचारला, तेव्हा डॉक्टरांनी नोंदीत भाग लिहिला नसेल तर ‘एच ६८.१०’ हा अनिर्दिष्टाचा संकेत घ्यावा, किंवा त्यांनाच विचारावे, एवढेच मी तिला सांगू शकलो.