‘कृष्णविवर’ : एका संज्ञेची चिकित्सा

जयंत नारळीकर यांनी १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी टोपणनावाने पाठविलेल्या कथेचे नाव ‘कृष्णविवर’ असे होते. तिला प्रथम पारितोषिक मिळाले. पुढे ही संज्ञा मराठीत सर्वतोमुखी झाली. परंतु संज्ञा रूढ झाली म्हणजे ती यथार्थ ठरली, असे नव्हे.

‘विवर’ म्हणताच यवतमाळच्या वाचकाच्या डोळ्यांपुढे लोणार किंवा वणीकडील कोळशाच्या उघड्या खाणी येतात. दोन्ही ठिकाणी द्रव्य निघून गेल्यामुळे पोकळी उरली आहे. कृष्णविवराची गोष्ट याच्या अगदी उलट आहे. सूर्याचे सारे वस्तुमान सुमारे ३ किलोमीटर त्रिज्येच्या आत दाटले, तर तेथून प्रकाशही बाहेर पडू शकणार नाही. येथे द्रव्याचा अभाव नसून त्याच्या एकवटण्याची पराकाष्ठा आहे.

‘कृष्ण’ हे पद वर्णाच्या दृष्टीने समर्पक आहे. पण ‘कृष्’ म्हणजे ओढणे, ही परंपरागत व्युत्पत्ती सर्वभक्षक राक्षसाच्या कल्पनेस बळ देते. वास्तविक सूर्याच्या जागी तेवढ्याच वस्तुमानाचे कृष्णविवर आले, तरी पृथ्वीची कक्षा बदलणार नाही.

संज्ञेची मुख्य उणीव याहून निराळी आहे. ती अदृश्यता सांगते, ज्ञानाचा मार्ग सांगत नाही. शास्त्रज्ञ कृष्णविवर ओळखतात ते शेजाऱ्यांवरील परिणामांवरून. आकाशगंगेच्या केंद्राभोवती सुमारे १६ वर्षांत फेरी घालणाऱ्या एका ताऱ्याच्या गतीवरून तेथे सुमारे ४० लाख सूर्यांइतके वस्तुमान असल्याचे ठरले. १४ सप्टेंबर २०१५ रोजी दोन कृष्णविवरांच्या मीलनाची गुरुत्वीय लहर अमेरिकेत नोंदली गेली, तेव्हा ४ किलोमीटर लांबीच्या भुजांत पडलेला फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या शतांशाहूनही कमी होता. असा क्षीण संकेत गोंगाटातून निवडण्याच्या गणिती पद्धतीत पुण्याच्या ‘आयुका’तील संजीव धुरंधर व त्यांचे सहकारी यांचा मोलाचा वाटा आहे.

यवतमाळला लागून असलेल्या हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथ येथे, अशाच वेधशाळेस केंद्रीय मंत्रिमंडळाने २०२३ साली मान्यता दिली. तेथे काय मोजले जाणार, हे शेजारच्या विद्यार्थ्यास त्याच्या भाषेत कळावयास हवे. मराठीतील विवेचन ‘अद्भुत काळ्या खड्ड्या’पाशीच थांबले, तर वेधशाळाही त्याला केवळ एक अद्भुत वस्तू वाटेल. संज्ञा बदलण्याचे कारण नाही. विवेचनाचा आरंभ मात्र नवलापासून न होता मोजमापापासून व्हावा.