सुमित्रा भावे : संशोधक आणि पटकथाकार

सुमित्रा भावे (१९४३–२०२१) यांच्या कारकिर्दीचा विचार करताना कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन अशा भूमिकांची यादी देऊन अष्टपैलुत्वाचा गौरव करण्याची प्रथा आहे. या भूमिकांचे परस्परांशी असलेले नाते मात्र दुर्लक्षित राहते. प्रस्तुत लेखात त्याचाच विचार केला आहे.

भावे मुळात समाजशास्त्राच्या अभ्यासक. ज्यांच्याविषयी संशोधन केले त्या निरक्षर स्त्रियांपर्यंत अहवाल पोहोचत नाही, या अस्वस्थतेतून 'बाई' (१९८५) हा लघुपट निर्माण झाला. चित्रपटाचे रीतसर शिक्षण नसताना त्यांनी कॅमेऱ्याकडे संशोधनाचे साधन म्हणून पाहिले. पुढे सुनील सुकथनकर सहदिग्दर्शक व गीतकार म्हणून सोबत राहिले. त्यामुळे 'एकहाती सर्जन' ही कल्पना येथे सरळ लागू पडत नाही.

संशोधकाला ऐकावे लागते, लेखकाला बोलावे लागते. भावे यांच्या चित्रपटांतील खरा ताण येथे आहे. 'देवराई' (२००४) व 'नितळ' (२००६) यांत अनुक्रमे स्किझोफ्रेनिया व कोड हे विषय येतात. परंतु पुष्कळदा पात्रे जगण्याऐवजी समजावून सांगू लागतात. प्रबोधनाचा हेतू स्तुत्य असला तरी लेखिकेला आवरणारा दुसरा हात तेथे हवा होता, असे वाटते. याउलट 'दोघी' (१९९५) मध्ये लग्नाच्या दिवशीच वर मरण पावलेल्या गौरीभोवतीचे गावाचे मौन कोणत्याही भाष्याहून प्रखर ठरते.

'अस्तु'साठी भावे यांना संवादलेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गंमत अशी, की स्मृतिभ्रंश झालेले संस्कृत पंडित आणि कन्नड बोलणारी चन्नम्मा यांचे नाते शब्दार्थाच्या पलीकडे जुळते. सुवर्णकमळ मिळविणाऱ्या 'कासव' (२०१६) मधील नैराश्यग्रस्त तरुणही बराच काळ गप्पच आहे. येथे संशोधक पुन्हा ऐकू लागते.

दि. बा. मोकाशी यांच्या कथेवरील 'दिठी' (२०१९) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. शेजारच्या गंगाखेडच्या जनाबाईंमुळे आपल्या पालम परिसरातील वाचकास यातील वारकरी मंडळी अनोळखी वाटणार नाहीत. मुलगा पुरात गमावलेल्या रामजी लोहाराचे सांत्वन करण्यास पोथी व सोबती असमर्थ ठरतात. अडलेल्या गायीची सुटका करताना मात्र त्याचे हात काम करू लागतात, आणि पटकथाकार तेथे त्याच्या तोंडी स्पष्टीकरण घालीत नाही.