वगळण्याची कला: अमूर्ततेविषयी काही विचार

काही वर्षांपूर्वी एका धर्मग्रामात नव्या देवळासाठी रंगीत काचेची मोठी खिडकी करून घेण्यात आली. एका तरुण चित्रकाराने निळ्या आणि गेरूच्या छटांचे लांबट तुकडे एकमेकांशेजारी बसवले होते. त्यांत ना माणूस होता, ना कबुतर, ना क्रूस. आशीर्वादाचा विधी आटोपल्यावर चहाच्या वेळी एका वृद्ध गृहस्थांनी आम्हांला बाजूला घेतले आणि विचारले, "तुम्ही लिहिता-वाचता, तर सांगा, ह्यात संत कोणता?" आम्ही गुळमुळीत उत्तर दिले. अमूर्त चित्र समजून घ्यायचे नसते, ते अनुभवायचे असते, वगैरे. गृहस्थ सभ्य होते, त्यांनी मान डोलावली. परंतु घरी परतताना आमच्या ध्यानात आले की, आपण त्यांना उत्तर दिलेच नाही. केवळ गप्प बसवले. समीक्षक म्हणवणाऱ्याला ही गोष्ट शोभणारी नव्हे.

ह्या बाबतीत मराठीतील 'अमूर्त' हा शब्दच प्रथम अडचण करतो. जे मूर्त नाही ते अमूर्त, एवढेच तो सांगतो. म्हणजे एक अभाव, एक रिकामी जागा. त्यामुळे जे कळत नाही, जे धूसर आहे, जे सांगता येत नाही, ते सारे ह्या एका शब्दाच्या पोतडीत भरण्याची सोय आपल्याला झाली आहे. युरोपीय भाषांत जो शब्द रूढ आहे, त्याच्या लॅटिन मुळाचा अर्थ 'ओढून वेगळे काढणे' असा आहे. अ‍ॅरिस्टॉटलने वापरलेल्या ग्रीक शब्दाचा अर्थही 'काढून घेणे' असाच. म्हणजे तेथे अभाव नाही, कृती आहे. आणि कृती म्हटली की प्रश्न विचारता येतात: कशातून काढले? काय काढले? आणि ते कोणी, कशासाठी काढले? हे प्रश्न आपण अमूर्त म्हणवणाऱ्या कोणत्याही वस्तूला विचारावेत, मग ते चित्र असो, प्रमेय असो वा संगणकावरील अर्ज असो.

पिकासोने डिसेंबर 1945 ते जानेवारी 1946 ह्या काळात एका बैलाची शिळामुद्रणातील 11 चित्रे केली. पहिल्यात खरा धष्टपुष्ट बैल आहे. मग एकेका पायरीवर केस, स्नायू, वजन गळत जाते आणि शेवटी काही मोजक्या रेषा उरतात. अ‍ॅपल कंपनीच्या अंतर्गत प्रशिक्षणवर्गात ही चित्रमाला दाखवली जाते, असे 2014 साली वृत्तपत्रात प्रसिद्ध झाले होते. यंत्रे बनवणाऱ्यांना तिचा मोह पडावा, हे समजण्यासारखे आहे. परंतु अकरावे चित्र एकटेच पाहणाऱ्याला ते पोराने काढल्यासारखे वाटेल. त्या रेषेला जे बळ आहे, ते आधीच्या दहा चित्रांतून आलेले आहे. जो बैल कागदावर उरला नाही, तो हातात उरला आहे.

तत्त्वज्ञानात ह्या प्रश्नाचा सर्वांत नेमका विचार संत थॉमस अक्वायनस ह्यांनी केला, असे आम्हांला वाटते. वस्तू जशी आहे तशी न समजता, तिच्यातील काही गुण वगळून समजून घेणे म्हणजे खोटेपणा नव्हे काय, असा आक्षेप ते स्वतःच घेतात. उत्तरादाखल ते सफरचंदाचा दाखला देतात. सफरचंदाच्या रंगाचा विचार करताना सफरचंद मनात आणले नाही, तर त्यात खोटे काही नाही. परंतु रंग सफरचंदात नाहीच, असे म्हटले तर ते खोटे. वगळणे वेगळे, नाकारणे वेगळे. इतकी साधी गोष्ट. पण ही कसोटी हातात असली की पुष्कळ गोंधळ निवळतो. (पुढे बिशप बर्कली ह्यांनी, जो समभुजही नाही, विषमभुजही नाही, असा त्रिकोण मनात आणून दाखवा, असे आव्हान दिले. बौद्ध तार्किक दिङ्नागाने तर त्याच्या कित्येक शतके आधी, 'गाय' म्हणजे 'जे गायीखेरीज दुसरे काही नाही ते', असे सांगून शब्दाचा सगळा अर्थच वगळण्यावर उभा केला. तो वाद मोठा आहे. येथे त्यात शिरत नाही.)

गणितात वगळण्याला धार येते. कोनिग्सबर्ग शहरात प्रेगेल नदीवर सात पूल होते. प्रत्येक पूल एकदाच ओलांडून सारे शहर फिरता येईल का, असा तेथील लोकांचा कोडेवजा प्रश्न होता. 1735 साली ऑयलरने त्याचे उत्तर दिले. नदीची रुंदी, पुलांची लांबी, बेटावरचे कॅथीड्रल, बाजार ह्या सगळ्यांवर त्याने लक्षच दिले नाही. उरले ते जमिनीचे चार भाग आणि त्यांना जोडणारे सात दुवे. प्रत्येक भागाला जोडलेल्या पुलांची संख्या विषम निघाली. असे विषम भाग दोनांहून अधिक असले तर असा फेरफटका अशक्य. ह्याच शहरात कांट जन्मला आणि जन्मभर तेथेच फिरायला जात राहिला. त्याने हे कोडे पायांनी सोडवून पाहिले की नाही, कोण जाणे. दुसऱ्या महायुद्धातील बॉम्बवर्षावात त्यांतले दोन पूल नष्ट झाले. प्रमेयाला त्याने ओरखडाही उमटला नाही. त्याला ते पूल कधी लागतच नव्हते. हे गणिताचे सामर्थ्य आहे, आणि जळलेल्या शहराबद्दल त्याला एक अक्षरही बोलता येत नाही, हीसुद्धा त्याच सामर्थ्याची दुसरी बाजू आहे. तेवढ्यावरून गणिताला दोष देणे मात्र अन्यायाचे होईल. ऑयलरने शहर वगळले, नाकारले नाही.

संगणकात काय होते? तेथे वगळलेले नाहीसे होत नाही, फक्त झाकले जाते. ह्या नियतकालिकासारख्या अंकांच्या छपाईशी ज्यांचा संबंध आला आहे, त्यांना ह्याचा अनुभव असेल. 1990च्या दशकात मराठी मजकूर संगणकावर जुळवला जाई, तेव्हा बहुधा अक्षराची नव्हे, तर अक्षराच्या आकाराची नोंद होत असे. काना निराळा, वेलांटी निराळी, अर्धा 'श' निराळा, आणि प्रत्येक फाँटचा हिशेब वेगळा. तो फाँट असलेले यंत्र गेले की मजकूरही गेला. आमच्याकडे त्या काळातील काही लेखांच्या फाइली आहेत. उघडल्या तर इंग्रजी अक्षरे आणि चिन्हे ह्यांचा कचरा दिसतो. कोणाची तरी श्रद्धांजली त्यात आहे, कोणाची तरी पहिली कविता आहे. युनिकोडने हा पेच सोडवला, तो अधिक वगळून. 'क' म्हणजे 2325 ही संख्या. तो कसा दिसतो, कोणत्या वळणाचा आहे, ह्याच्याशी तिला कर्तव्य नाही. 'क्ष' म्हणजे क, हलंत आणि ष अशा तीन संख्यांची रांग. आकार सोडून दिला म्हणून अक्षर टिकले. अमूर्ततेने माणसाचे शब्द वाचवल्याचे ह्याहून स्वच्छ उदाहरण आम्हांला माहीत नाही.

ह्याच यंत्राचे दुसरे उदाहरणही सांगितले पाहिजे. आमच्या परिचयातील एका वृद्ध बाईंचे नाव बाप्तिस्म्याच्या दाखल्यावर एक, शिधापत्रिकेवर दुसरे आणि बँकेच्या पुस्तकावर तिसरे. वस्तुतः तिन्ही एकाच नावाची रूपे: एक पोर्तुगीज वळणाचे, एक इंग्रजी, एक घरचे. एका कार्यालयात त्यांचा अर्ज तीन वेळा परत आला. खिडकीवरचा मुलगा अदबीने बोलत होता. तो एवढेच म्हणे, "मावशी, सिस्टीम घेत नाही." अर्जातील चौकटींनी बाईंचे ऐंशी वर्षांचे आयुष्य वगळले, ह्याला आमची हरकत नाही, अर्जाला तेवढेच लागते. परंतु चौकटीत न बसणारी बाई अस्तित्वातच नाही, असा निष्कर्ष जेव्हा यंत्र काढते आणि माणूस तो मान्य करतो, तेव्हा संत थॉमस ह्यांनी आखलेली रेषा ओलांडली जाते. सफरचंदाला रंगच नाही, असे सांगितले जाते.

आता चित्रकलेकडे परत येऊ, कारण मूळ प्रश्न तेथला आहे.

मराठी माणसाला अमूर्त चित्र म्हटले की वासुदेव गायतोंडे आठवतात. मूळच्या गोव्याच्या कुटुंबात 1924 साली नागपुरात जन्मलेल्या ह्या चित्रकाराने 1948 साली जे. जे. स्कूल ऑफ आर्टची पदविका घेतली, आरंभी पॉल क्लेच्या प्रभावाखाली चित्रे काढली, 1964 साली शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्क पाहिले, नंतर दिल्लीत जवळजवळ एकांतात राहून काम केले आणि 2001 साली ते वारले. स्वतःच्या चित्रांना 'अमूर्त' म्हणणे त्यांना पसंत नव्हते. ती वस्तुनिरपेक्ष आहेत, असे ते म्हणत. हा शब्दच्छल नव्हे. पिकासोच्या शेवटच्या रेषांमागे बैल आहे. गायतोंड्यांच्या कॅनव्हासमागे अशी कोणतीच वस्तू नाही.

मग तेथे काय काढले? आमच्या मते उत्तर अगदी प्रत्यक्ष आहे: रंग काढला. रोलर आणि चित्रकाराची सुरी घेऊन ते रंगाचे थर चढवीत आणि त्यांतील काही भाग पुन्हा उतरवीत. कागदाचे तुकडे लावून ओला रंग उचलून घेत. खालचा थर वरच्यातून उजळतो, तो त्यामुळे. त्यांच्या चित्रासमोर उभे राहिले असता पाण्याखालून उजेड यावा, तसे जे वाटते, त्यात गूढ असे काही नाही. ते हाताने, कष्टाने, दिवसचे दिवस थांबून मिळवलेले आहे. मराठीत त्यांच्यावर लिहिणारे पुष्कळजण 'मौन', 'ध्यान', 'अध्यात्म' हे तीन शब्द उदबत्तीसारखे ओवाळतात आणि पाहणे तेथेच थांबवतात. गायतोंड्यांना झेन विचाराची ओढ होती हे खरे. परंतु अशा लेखनाने चित्रकाराला वलय मिळते आणि समीक्षकाची सुटका होते, एवढेच घडते. ह्याचा दुसरा परिणाम अधिक वाईट आहे. हॉटेलांच्या दिवाणखान्यांत टांगलेली, सोफ्याच्या कापडाशी रंग जुळवून घेतलेली असंख्य चित्रे त्याच तीन शब्दांच्या आडोशाला उभी राहतात. त्यांत काही वगळलेले नाही, कारण वगळण्याजोगे आधी काही नव्हतेच.

डिसेंबर 2013 मध्ये मुंबईतील लिलावात गायतोंड्यांचे एक चित्र 23 कोटी 70 लाख रुपयांना गेले. त्यानंतर अनेकांना ते अमूर्त चित्र एकाएकी समजू लागले. पैसा हीदेखील अमूर्ततेचीच एक जात, आणि ती सर्वांत उतावळी.

मालेविचचा काळा चौकोन 1915च्या डिसेंबरात पेट्रोग्राडमध्ये प्रथम मांडला गेला, तेव्हा तो खोलीच्या वरच्या कोपऱ्यात, रशियन घरांत जेथे पवित्र प्रतिमा ठेवतात, तेथे लावला होता. आम्हांला तो चौकोन थोर वाटतो, पण ती जागा खटकते. प्रतिमा वगळणे ही चित्रकाराची मुभा आहे; तिच्या जागी स्वतःचे चित्र ठेवणे ही घोषणा आहे, आणि घोषणा नाकारण्याच्या बाजूची असते. गंमत अशी की, 2015 साली क्ष-किरणांनी तपासणी झाली, तेव्हा त्या काळ्याखाली आधीची रंगीत चित्रे निघाली. झाकलेले गेलेले नव्हते.

ह्याउलट ह्यूस्टन येथील मार्क रॉथकोच्या प्रार्थनागृहात 14 मोठी, बहुतेक काळपट-जांभळी चित्रे आहेत, आणि ती कशाचीही जागा घेत नाहीत. ते बांधून घेणारे द मेनिल दांपत्य कॅथॉलिक होते. प्रथम कॅथॉलिक प्रार्थनागृह म्हणून योजलेली ती वास्तू 1971 साली उघडली, ती सर्व धर्मीयांसाठी. रॉथको वर्षभर आधीच गेला होता. त्याने ती चित्रे न्यूयॉर्कमधल्या आपल्या चित्रशाळेत, छतातून येणाऱ्या मंद उजेडात रंगवली आणि छताची तशीच रचना ह्यूस्टनला मागितली. टेक्सासचे ऊन त्याच्या हिशेबात नव्हते. ते आत आले आणि चित्रे पाहणे अशक्य झाले. अनेक वर्षे छताखाली आडोसे लावावे लागले, आणि 2020 साली छताची खिडकीच नव्याने करण्यात आली. 2024च्या वादळात छप्पर गळून काही चित्रांवर पाणीही उतरले. इतके सारे वगळलेल्या चित्रांनाही ऊनपावसाचा हिशेब चुकला नाही.

त्या वृद्ध गृहस्थांचा प्रश्न अडाणी नव्हता. ज्यांच्या श्रद्धेचा पाया देहधारणा हा आहे आणि ज्यांच्या धर्मसभेने 787 साली निकिया येथे प्रतिमांचा मान राखला, त्यांना चेहरा कोठे गेला, हे विचारण्याचा पुरता अधिकार आहे. त्या खिडकीच्या चित्रकाराशी आम्ही पुढे एकदा बोललो. तुकड्यांचे रंग कसे ठरले, असे विचारता, काचेच्या व्यापाऱ्याकडे जे नमुने होते त्यांतून, असे तो मोकळेपणाने म्हणाला. कोणत्या संताचे चरित्र, कोणती आकृती, देवळासमोरचा समुद्र, असे काही मनात होते का? नव्हते. म्हणजे त्याने संताला वगळले नव्हते. त्याने कोणाकडे पाहिलेच नव्हते. हे उत्तर आम्ही त्या गृहस्थांना द्यायला हवे होते. ते आता हयात नाहीत. खिडकी आहे. ती पश्चिमेला असल्यामुळे संध्याकाळच्या मिस्सेच्या वेळी ऊन थेट वेदीवर येते, म्हणून तिच्यावर आता पडदा लावला आहे.