दारात थांबलेला नट

अंगाला फक्त टॉवेल गुंडाळलेली एक तरुणी इमारतीच्या जिन्यात उभी आहे. तिच्या फ्लॅटचं दार मागे बंद झालं आहे. शेजारी राहणाऱ्या नोव्हाकची बायको कोणत्याही क्षणी घरी येईल. अशा वेळी नोव्हाकने तिला आत घ्यावं का? इथे चित्रपट थांबतो. पडद्यावर नोव्हाक झालेला नट, मिरोस्लाव्ह हॉर्निचेक, सदेह रंगमंचावर येतो आणि हा प्रश्न प्रेक्षकांना विचारतो. प्रत्येक खुर्चीला एक हिरवं आणि एक लाल बटण आहे. मतं मोजली जातात, आणि बहुमताला हवा तो प्रसंग पुढे दिसतो.

‘किनोऑटोमॅट’ हा रादूझ चिन्चेरा यांचा प्रयोग १९६७ साली माँट्रियलच्या जागतिक प्रदर्शनात, चेकोस्लोव्हाकियाच्या दालनात झाला. १२७ खुर्च्या होत्या आणि चित्रपट नऊ ठिकाणी थांबत असे. नऊ वेळा दोन-दोन फाटे म्हणजे ५१२ वाटा. तेवढं चित्रीकरण करायची गरजच पडली नाही, कारण दोन्ही फाटे पुढच्या प्रश्नाआधी पुन्हा एकत्र येत. दोन प्रोजेक्टर बरोबरीने चालत, आणि हरलेल्या फाट्याच्या भिंगावर झाकण घातलं जाई. काहीही निवडलं तरी नोव्हाकचं घर जळतंच. ती आग तर चित्रपटाच्या सुरुवातीलाच दाखवलेली असते.

म्हणूनच ‘किनोऑटोमॅट’कडे लोकशाहीवरचा उपरोध म्हणून पाहिलं जातं. चिन्चेरांनाही तेच अभिप्रेत होतं. हे वाचन चूक नाही. पण त्यात सगळं लक्ष बटणांकडे जातं आणि बटण दाबायला सांगणारा माणूस नजरेतून सुटतो.

हॉर्निचेक कोण होता? १९५०च्या दशकात प्रागच्या रंगभूमीवर तो यान वेरिखचा जोडीदार होता. नाटकाच्या मध्येच पडद्यापुढे येऊन दोघांनी प्रेक्षकांसमोर उत्स्फूर्त गप्पा मारायच्या, ही वेरिखच्या रंगभूमीची जुनी रीत. चेकमध्ये तिला ‘फोर्बीना’ म्हणतात. समोरून आलेला हशा झेलायचा, त्यावर नवं वाक्य रचायचं, कथेतून बाहेर पडून पुन्हा कथेत शिरायचं, यात हॉर्निचेक मुरलेला होता. प्रेक्षकांशी बोलणाऱ्या चित्रपटासाठी याहून योग्य नट सापडला नसता.

आणि या नटाला इंग्रजी येत नव्हतं. माँट्रियलसाठी त्याने आपली वाक्यं ध्वनीबरहुकूम पाठ केली होती. मी अनुवादक आहे, त्यामुळे माझं मन इथेच अडकतं. वाक्याचा अर्थ ठाऊक आहे. पण ते वाक्य मोडून दुसरं रचण्याइतकी भाषा हाताशी नाही. प्रेक्षागृहातून कुणी काही अनपेक्षित बोललं, तर प्रागमध्ये त्याने त्यातून पाच मिनिटांची गंमत उभी केली असती. इथे त्याला पाठ केलेल्या पुढच्या वाक्याकडेच जावं लागणार. म्हणजे प्रेक्षकांना स्वातंत्र्याचा अनुभव देण्याचं काम ज्याच्यावर सोपवलं होतं, त्याचंच स्वातंत्र्य आधी काढून घेतलेलं होतं. प्रेक्षकांना दोन बटणं होती. त्याच्याकडे तर ठरलेले ध्वनीच होते.

मग उरतं काय? विराम, नजर, देहबोली. मतदान खरं वाटतं ते आकड्यांमुळे नव्हे. ज्याचं आयुष्य आपण ठरवतोय, तो माणूस समोर उभा राहून वाट पाहतोय, म्हणून ते खरं वाटतं. हरलेल्यांनाही बहुमताचा प्रसंग पाहावा लागतो, आणि त्यांच्याकडे पाहणाराही तोच असतो. कीर्तनात आख्यानाचा शेवट श्रोत्यांना ठाऊक असतो, तरी बुवांनी मध्येच थांबून प्रश्न केला की आपण सावरून बसतो. आगीचं तसंच आहे. ती लागणारच. आग लागेपर्यंत नोव्हाक कसा वागला, एवढंच प्रेक्षक ठरवतात. मला ही फसवणूक वाटत नाही. फसवणूक करायची असती तर आग शेवटपर्यंत लपवली असती.

मी ‘किनोऑटोमॅट’ पाहिला तो घरी, डीव्हीडीवर, एकटीने. प्रत्येक वेळी माझं मत १ विरुद्ध ० असं जिंकत होतं. नोव्हाकला मी दार उघडायला लावलं, मग मागे जाऊन बंद करायलाही लावलं. कुणाचाच विरोध नव्हता, त्यामुळे कशाचीच जबाबदारीही वाटेना. नेटफ्लिक्सच्या ‘बँडरस्नॅच’मध्ये (२०१८) हीच एकांताची स्थिती गृहीत धरलेली आहे. फिऑन व्हाइटहेडचा स्टीफन आपल्याला कुणीतरी चालवतंय या संशयाने पछाडलेला आहे, आणि ती भीती तो उत्तम साकारतो. पण तो आपल्याला पाहू शकत नाही. दहा सेकंदांत निर्णय घेतला नाही, तर यंत्रणा आपल्या वतीने तो घेते. हॉर्निचेक थांबायचा, इथे थांबणारं कुणी नाही.

प्रागमध्ये १९७२ साली कम्युनिस्ट राजवटीने ‘किनोऑटोमॅट’वर बंदी घातली. रणगाडे येऊन गेल्याला तेव्हा चार वर्षं झाली होती. वरवर पाहता ही बंदी विचित्र वाटते: ज्या खेळात मतांनी काहीच बदलत नाही, त्याची सत्तेला कसली भीती? मला उत्तर त्या नटात दिसतं. प्रागच्या प्रेक्षागृहात भाषा चेक होती. पाठांतराची गरज नव्हती. शेवट ठरलेला असतानाही लोकांसमोर येऊन कुणीतरी त्यांना त्यांच्याच भाषेत विचारत होतं, तुम्हाला काय वाटतं? आणि उत्तरासाठी थांबत होतं.